‘द गार्डन’ नावाची दोन नियतकालिके

‘द गार्डन’ हे रॉयल हॉर्टिकल्चरल सोसायटी या ब्रिटनमधील बागकाम संस्थेचे १८७१ पासूनचे मुखपत्र आहे, असे एका लेखात म्हटले आहे, ते दुरुस्त करावे. १८७१ चे ‘द गार्डन’ हे उद्यानतज्ज्ञ व लेखक विल्यम रॉबिन्सन यांचे स्वतंत्र साप्ताहिक. ते १९२७ मध्ये बंद पडले. सोसायटीने ‘जर्नल’ या आपल्या नियतकालिकाला हे नाव दिले १९७५ मध्ये. जुने अंक शोधताना इथेच घोळ होतो. म्हणून नुसत्या नावावर जाऊ नका, मुखपृष्ठावरचे साल आणि प्रकाशक आधी पाहा.

सोसायटीची स्थापना १८०४ ची, ‘ट्रान्झॅक्शन्स’ हे तिचे पहिले नियतकालिक १८०७ पासून. त्यातली विल्यम हूकर यांची फळांची चित्रे अप्रतिम आहेत! (हे चित्रकार हूकर, लंडनच्या क्यू या वनस्पती उद्यानाचे संचालक हूकर वेगळे.) पानांसाठी चित्रकार हूकर यांनी प्रशियन ब्लू हा गडद निळा आणि गँबोज हा पिवळा रंग मिसळून खास हिरवा बनवला. गँबोज उजेडात विटतो, त्यामुळे भिंतीवर टांगलेल्या चित्रांतली पाने निळसर पडतात. ग्रंथात मिटून राहिलेल्या प्रतीच रंगासाठी ग्राह्य धराव्यात.

१८४६ मध्ये ‘जर्नल’ आले. पुढे आर्थिक ओढगस्त इतकी, की १८५९ मध्ये ग्रंथालयच विकावे लागले. १८६१ पूर्वीच्या अंकांवर ‘रॉयल’ शब्द सापडणार नाही. तो किताब त्या वर्षी मिळाला.