जॅकी कूगनला बोलपटाने नव्हे, घरच्यांनी बुडवले

माझ्या मावसबहिणीची नऊ वर्षांची मुलगी मालिकांमध्ये काम करते. गेल्या आठवड्यात तिच्या आजीने घरच्या व्हॉट्सअॅप ग्रुपवर एक संदेश टाकला आणि खाली लिहिले, "वाचून बोध घ्यावा." चॅप्लिनच्या 'द किड'मधला जॅकी कूगन बोलपट येताच आवाजामुळे संपला, चॅप्लिनने त्याला पुन्हा विचारले नाही, त्या कृतघ्न मुलाने जन्मदात्या आईला कोर्टात खेचले आणि शेवटी तो भिकेला लागून मेला, असे त्यात म्हटले आहे. हा संदेश याआधी दोनदा आला तेव्हा मी दुर्लक्ष केले होते. आता तो एका कमावत्या मुलीच्या घरात बोध म्हणून वाचला जात असेल, तर गप्प बसणे मला जमणार नाही.

आवाजाची गोष्ट निराधार आहे. १९३० साली पॅरामाउंटच्या 'टॉम सॉयर' या बोलपटात कूगनच नायक होता आणि पुढच्याच वर्षी 'हकलबेरी फिन'मध्ये त्याने तीच भूमिका पुन्हा केली. त्यानंतर त्याला पूर्वीचे स्थान कधीच मिळाले नाही, एवढे मात्र मान्य करावे लागेल. पण त्याचे कारण वय होते, आणि ती उतरण मूकपटांच्या काळातच सुरू झाली होती. 'द किड' १९२१ सालचा. कपाळावर केस आलेला, अनाथालयाच्या गाडीतून हात पसरून रडणारा तो मुलगा सहा वर्षांचा होता. १९२७ पर्यंत तो इतका वाढला की त्याचे ते केस कापणे भाग पडले आणि त्या कापण्यावरही एक चित्रपट काढून झाला.

खरा संताप येतो तो 'कृतघ्न' या शब्दाचा. लहानपणी त्याने मिळवलेली रक्कम ३० ते ४० लाख डॉलर असावी, असा अंदाज तेव्हा सांगितला जात होता, आणि त्याला स्वतःला हातखर्चाला मिळत होते आठवड्याला ६.२५ डॉलर. १९३५ साली वडील मोटार अपघातात गेले; त्या गाडीतून एकटा जॅकी वाचला. त्याच वर्षी तो २१ वर्षांचा झाला, पण पैसे हाती आले नाहीत. आईने त्यांचा व्यवहार पाहणाऱ्या आर्थर बर्नस्टाइनशी लग्न केले होते, आणि सज्ञान होण्याआधीची मुलाची कमाई आईवडिलांचीच, अशी दोघांची भूमिका होती. तत्कालीन कायदाही त्यांच्याच बाजूचा होता. १९३८ साली त्याने दावा लावला आणि अखेर तडजोडीत त्याच्या वाट्याला सुमारे १,२६,००० डॉलर आले. सहा वर्षांच्या वयापासून ज्याने घर पोसले, त्याने आपल्याच कष्टाचा हिशेब मागितला, यात कृतघ्नपणा कुठला?

उरलेले मुद्दे थोडक्यात. अडचणीच्या दिवसांत चॅप्लिनने त्याला पैसे दिल्याचे सांगितले जाते. भिकेला लागल्याची कथा तर साफ खोटी आहे: १९४४ साली ब्रह्मदेशात जपानी फौजेच्या पिछाडीला ग्लायडर उतरवणाऱ्या वैमानिकांत कूगन होता, १९६४ ते ६६ मध्ये 'द अॅडम्स फॅमिली' या दूरचित्रवाणी मालिकेतील अंकल फेस्टर म्हणून तो पुन्हा घराघरांत पोचला आणि १९८४ साली, ६९ व्या वर्षी वारला.

त्या दाव्यामुळे कॅलिफोर्नियात १९३९ साली बालकलाकारांच्या कमाईच्या रक्षणासाठी त्याच्याच नावाने ओळखला जाणारा कायदा झाला, याबद्दल संदेशात एक अक्षर नाही. तो कायदाही सुरुवातीला न्यायालयाने मंजूर केलेल्या करारांपुरताच होता. कमाई मुलाचीच मानून तिचा १५ टक्के भाग राखून ठेवण्याचे बंधन २००० साली आले. आपल्याकडे २०१७ च्या नियमांनुसार बालकलाकाराच्या उत्पन्नाचा किमान २० टक्के भाग राष्ट्रीयीकृत बँकेत त्याच्या नावे मुदत ठेवीत जमा करावा लागतो. ग्रुपवर मी एवढेच लिहिले आहे, आणि पोरीच्या नावाची ठेवीची पावती कुठे आहे, असे तिच्या आईला विचारले आहे.