गणपतीचा पाट घेऊन शोरूमात

आमच्या जुन्या गाडीत ड्रायव्हरच्या पायाशी एक भोक पडलं होतं, आधी चवलीएवढं, मग करवंटीएवढं, आणि त्यातून खालचा रस्ता दिसायचा. म्हणजे जिथे रस्ता होता तिथे रस्ता, बाकी ठिकाणी खडी. मालवणात खारं वारं आधी खिडकीच्या गजांना खातं, मग सायकलीला, मग गाडीला, आणि मालक गाफील राहिला तर त्यालाही खात असणार. पावसात डबक्यातून गेलं की पायावर कारंजं. बायको म्हणाली, आता एकतर गाडी बदल नाहीतर गमबूट घालून चालव. मी आठवडाभर गमबूट घातले. मग तिने गाडीत बसणंच बंद केलं.

तर गाडी बघायला लागलो. छोटीच हवी, कारण आमच्या घराकडे येणारी पाणंद दोन्ही बाजूंनी चिऱ्याच्या गडग्यांमध्ये अशी चेपलेली आहे की समोरून म्हैस आली तर एकाने मागे जायचं असतं आणि म्हैस कधीच जात नाही. पण उंचही हवी, कारण पाणंदीच्या तोंडाशी व्हाळाचं पाणी काढून द्यायला कोणीतरी पूर्वजाने जो चर खणलाय तो बुजवायचा विषय काढला की दोन घरांत भांडण होतं. म्हणजे छोटी पण उंच. हल्ली सगळ्यांना हेच हवंय, त्यामुळे कंपन्यांनी तशा ढिगाने काढल्यात, आणि त्यातून गाळून गाळून माझ्याकडे दोन उरल्या. एक टाटाची पंच, दुसरी मारुतीची फ्रॉन्क्स.

आता या दोन गाड्या म्हणजे एकाच पगाराची दोन बिऱ्हाडं. पंचवाल्याने म्हटलंय की जागा कमी आहे ना, मग माडी चढवू. लांबी ३८२७ मिलिमीटर, उंची १६१५, सरळसोट उभी, ट्रंकेला चाकं लावल्यासारखी. फ्रॉन्क्सवाल्याने म्हटलं, उंचीचं काय घेऊन बसलात, जरा ऐटीत राहू. उंची १५५०, छप्पर मागे घसरत गेलेलं, आणि लांबी ३९९५. हा आकडा नीट बघा. चार मीटरला पाच मिलिमीटर कमी! २००६च्या बजेटात सरकारने छोट्या गाडीची व्याख्या केली, लांबी चार मीटरच्या आत आणि पेट्रोल इंजिन १२०० सीसीच्या आत असेल तर कर कमी, तेव्हापासून आपल्याकडच्या गाड्या या रेघेच्या आत पोट आवरून उभ्या असतात, एसटीच्या अर्ध्या तिकिटासाठी गुडघे वाकवून उभ्या केलेल्या पोरासारख्या. इंजिनंसुद्धा तशीच, एक ११९९ सीसी, दुसरी ११९७.

मी काथ्याची दोरी घेऊन पाणंद मोजली. रुंदीत पंच १७४२ आणि फ्रॉन्क्स १७६५, म्हणजे फरक साधारण एका अंगठ्याचा. बेड्यापाशी, म्हणजे आमच्या फाटकापाशी, गडगा जिथे पोट काढून बाहेर आलाय तिथे तो अंगठा महत्त्वाचा होता. मी दोरी धरून ओणवा झालेला बघून शेजारच्या काकी गडग्यावरून डोकावल्या. "काय रे, जमीन मोजतंस?" मी म्हटलं नाही, गाडी मोजतोय. "खंय असा गाडी?" म्हटलं अजून घेतली नाही. त्यांनी काही न बोलता आत जाऊन त्यांच्या मिस्टरांना पाठवलं, कारण कोकणात कोणी दोरी घेऊन हद्दीवर उभा असेल तर तो गाडीच मोजतोय यावर विश्वास ठेवायची पद्धत नाही. संध्याकाळपर्यंत वाडीत बातमी, की मी गडगा सरकवतोय. ती मिटवायला दोन दिवस आणि एक शहाळं गेलं.

घरात तोवर दोन पार्ट्या पडल्या होत्या. चिरंजीव दहावीत, अभ्यास सोडून जगातल्या सगळ्या गाड्यांची मापं पाठ, तो फ्रॉन्क्सकडून. व्हीलबेस, म्हणजे पुढच्या-मागच्या चाकांमधलं अंतर, २५२० आहे बाबा, पंचचा २४४५, मागे पाय लांब करता येतात. वजनाला हलकी, कंपनी लिटरला २१ किलोमीटरच्या वर सांगते. आणि मुख्य म्हणजे दिसते बघा कशी. बायको पंचकडून. २०२१ साली ग्लोबल एनकॅप या गाड्यांची सुरक्षितता तपासणाऱ्या संस्थेने आपटून बघितली, मोठ्यांसाठी पाच स्टार, हे तिने कुठेतरी वाचलं होतं आणि माझं ड्रायव्हिंग तिने तेरा वर्षं शेजारी बसून बघितलंय. चिरंजीव म्हणाला, फ्रॉन्क्सला सहा एअरबॅग मिळतात. ती म्हणाली, फुगे फुटायची वेळच कशाला आणायची. यावर त्याच्याकडे उत्तर होतं पण ताटात सोलकढी वाढायची वाट बघत होता म्हणून गप्प बसला.

ग्राउंड क्लिअरन्स, म्हणजे गाडीचं पोट आणि रस्ता यांतलं अंतर, त्यावरून तर मी तीन रात्री जागलो. पंच १८७ मिलिमीटर, फ्रॉन्क्स १९०. तीन मिलिमीटर! आंबेमोहोराचा एक दाणा आडवा ठेवला तर जेमतेम तेवढा. त्यावर मी मित्राशी अर्धा तास फोनवर तावातावाने बोललो आणि फोन ठेवल्यावर लक्षात आलं की आई मागच्या सीटवर बसली की हे तीन मिलिमीटर तसेही संपणार.

सनरूफचा प्रश्न मात्र चटकन सुटला. पंचच्या वरच्या मॉडेलात येतं, सांगितलं की आपोआप उघडतं. आमच्या खळ्यात, म्हणजे अंगणात, गाडी लावायची एकच जागा, आणि तिच्यावर तीन माड. माडाखाली राहणारा माणूस पैसे देऊन छताला काच बसवून घेईल का? बायको म्हणाली, नारळ पडताना सांगितलं तर मिटतं का विचार.

मग एका रविवारी सगळे कुडाळला गाड्या बघायला निघालो. चौके, धामापूर, नेरूरपारचा पूल, पाऊस असा की पुलावरून कर्ली नदी कुठे संपते आणि आभाळ कुठे सुरू होतं ते कळत नव्हतं, आणि पायातल्या भोकावर मी पोळ्यांचा डबा ठेवलेला. गाडीत मी, बायको, चिरंजीव, आई, काका आणि गणपतीचा पाट.

पाटाचं सांगतो. आमच्याकडे गणपती जिथे बनतात त्याला शाळा म्हणतात, आणि नागपंचमीच्या सुमारास घरचा पाट शाळेत नेऊन द्यायचा, त्यावर मूर्ती घडते. पाट द्यायचाच होता, तर माझ्या डोक्यात आलं की चवथीला नव्या गाडीतून गणपती आणायचा, मग गाडी गणपतीच्या मापाने का बघू नये? मूर्ती सव्वादोन फुटी. चिरंजीवाने काठीवर खडूने सव्वादोन फुटांची खूण केली. असे आम्ही काठी आणि पाट घेऊन शोरूमात शिरलो. दारातला मुलगा क्षणभर बघत राहिला पण तोही इकडचाच, पाट बघितल्यावर चप्पल काढायला लागला.

पंचचं दार उघडलं आणि ते उघडतच गेलं, अगदी नव्वद अंशात, आमच्या पडवीच्या दारासारखं भिंतीला टेकेल असं. आईच्या दोन्ही ढोपरांना संधिवात. तिची अट एकच होती, "माका बसाक वाकूक लागता नये, आणि उतराक उडी मारूक लागता नये." ती दाराशी पाठ करून उभी राहिली, एक हात दाराला, एक माझ्या खांद्याला, आणि खुर्चीत बसावं तशी बसली. मग पाय उचलून आत घेतले. एक डावा, मग साडी सावरली, मग उजवा. "बरा असा," म्हणाली. गेल्या वीस वर्षांत आईने कुठल्याही वस्तूला बरा म्हटलेलं मला आठवत नाही, लग्नात सुनेला धरून.

तिच्या मांडीवर पाट ठेवला, पाटावर काठी उभी धरली. खडूच्या खुणेवर छतापर्यंत चार बोटं उरली. मुकुटाला पुरेशी. सेल्सवाल्या मुलाने फोटो काढला, कशासाठी ते विचारायचं राहिलं.

नंतर दुसऱ्या शोरूमात फ्रॉन्क्स. खरं सांगतो, गाडी देखणी आहे. लांबून बघितली तर मोठ्या घरातली वाटते. पुढच्या सीटवर बसलो तर मला उगाच पाच वर्षांनी तरुण वाटलं. आई मागे बसताना मात्र डोकं वाकवून आत गेली, देवळाच्या गाभाऱ्यात शिरतात तशी, आणि एकदा बसल्यावर पाय ऐसपैस. "ही पळणारी असा," म्हणाली, "ती बसणारी." काठीवर दोन बोटं उरली. दोन बोटं पुरतात की, असं चिरंजीव म्हणाला. बायकोने त्याला पाणंदीच्या तोंडाशी असलेल्या चराची आठवण करून दिली.

डिकीचं तेच. पंचची ३६६ लिटर, फ्रॉन्क्सची ३०८. लिटर म्हटल्यावर आई म्हणाली, "मागे पाणी भरतत?"

काका या सगळ्यात कुठे होते? काका एसटीतून ड्रायव्हर म्हणून रिटायर झालेले, फोंडा आणि करूळ घाट तोंडपाठ, आणि त्यांच्या मते लाल रंगाची नाही ती गाडीच नाही. त्यांनी दोन्हीकडे बॉनेटवर तळहात ठेवला, पोराचा ताप बघतात तसा, डोळे मिटून, इंजिन चालू ठेवायला लावून. सेल्सवाल्या मुलाने माहिती दिली, पंचला तीन सिलेंडर, फ्रॉन्क्सच्या या इंजिनला चार. काका म्हणाले, "गप रव." मिनिटभराने निकाल आला. "हेका वायच थंडी वाजता. तेका नाय." मी आशेने विचारलं, मग चार सिलेंडरवाली घेऊ? "थंडी वाजणारो माणूस काय काम करणा नाय?" म्हणजे काहीच ठरलं नाही. काकांनी पुढच्या टायरवर एक लाथ घातली, ती कशासाठी असते हे मला आजही माहीत नाही पण प्रत्येक जाणता माणूस घालतो, आणि जाऊन बाकावर बसले.

घरी आल्यावर आईने तोडगा काढला. कौल लाव, म्हणजे देवालाच विचार.

मी म्हटलं आई, लग्नाला, घराला कौल लावतात, गाडीला काय? ती म्हणाली, गाडी घराएवढीच महाग असा. त्यात तथ्य होतं. श्रावणातल्या पहिल्या सोमवारी ग्रामदैवतासमोर उभे राहिलो. गुरवाला सांगितलं, दोन गाड्या आहेत, कुठली घेऊ ते विचारायचंय. गुरव माझ्याकडे बघून म्हणाला, "देव व्हय नायतर नाय सांगता. दोनांतली एक काढून देवक तो दुकानात बसलो नाय. एकेक इचार."

पंचचा कौल लावला. देवाच्या डाव्या-उजव्या अंगाला कौलाचे कळे लावलेले, आम्ही हात जोडून, समईची वात हलत्येय, बाहेर पागोळ्या. दहा मिनिटांनी उजवा पडला. व्हय! बायकोने माझ्याकडे असं बघितलं की जणू तिनेच पाडला. तिथेच थांबायला हवं होतं. पण मला वाटलं दुसऱ्या गाडीवर अन्याय नको, आणि खरं म्हणजे मनात ती दोन बोटं कमी असलेलीच बसली होती, म्हणून म्हटलं तिचाही लावा. लावला. दोन मिनिटांत उजवा.

गुरवाने कळा उचलून ताम्हनात ठेवला. "देव म्हणता खंयची पण घे," तो म्हणाला, "पण घे एकदाची."

शेवटी मी मुकाट पंच बुक करायचं ठरवलं, सोमवारी १८ ऑगस्ट २०२५ला जाणार, चवथ २७ला. आणि १५ ऑगस्टला सकाळी झेंडावंदन करून येऊन टीव्ही लावतो तर लाल किल्ल्यावरून पंतप्रधान सांगतायत, दिवाळीपर्यंत जीएसटी कमी करणार. बायकोने टीव्हीचा आवाज वाढवला. मी कमी केला. तिने परत वाढवला. दोन महिने मी तीन-तीन मिलिमीटरवर झोप घालवलेली, आणि इथे एका वाक्यात हजारोंचा फरक. छोट्या पेट्रोल गाडीवर तेव्हा २८ टक्के जीएसटी आणि वर एक टक्का सेस, तो सरळ १८ टक्क्यांवर आला, पण कधीपासून, तर २२ सप्टेंबरपासून! गणपती काही तोवर थांबणार नव्हते. चवथीला जुनी गाडी खळ्यात, भोकावर पोळ्यांचा डबा, आणि गणपती नेहमीसारखे काकांच्या डोक्यावरून आले, भर पावसात, वर इरलं धरून, झांजा वाजवत, आणि मी मागून चिखलात पाय ओढत मनात म्हणत होतो, पुढच्या वर्षी बघा कसा ऐटीत आणतो.

दसऱ्याला, २ ऑक्टोबरला, पंच दारात आली. सनरूफ नसलेली. बेड्यातून आत घेताना सगळी वाडी हातवारे करत होती, शेजारच्या काकींचे मिस्टर गडग्यावर हात ठेवून उभे, तो सरकू नये म्हणून. आत आली. दोन्हीकडे बोटभर जागा सोडून. झेंडूची माळ घातली, चाकाखाली लिंबू, नारळ फोडला, तो माडावरून न पडता हाताने फुटलेला. काकांनी गाऱ्हाणं घातलं. बा देवा म्हाराजा, ह्या गाडयेक खड्ड्यातसून, म्हशीतसून आणि ह्या झिलाच्या ड्रायविंगातसून सांभाळ रे म्हाराजा. सगळ्यांनी व्हय म्हाराजा म्हटलं, बायकोने जरा जास्तच जोरात.

मग चहा घेताना मी कौतुकाने काकांना म्हटलं, बघा, चार बोटं जागा आहे, पुढच्या चवथीला गणपती गाडीतूनच आणू, तुम्हाला आता डोक्यावरून चालत यायला नको.

काकांनी बशी खाली ठेवली. "गाडयेतसून?"

म्हटलं, आता गाडी मापाची आहे ना. बेचाळीस वर्षं मी असंच समजत आलो होतो की आमच्याकडे धड गाडी नाही म्हणून गणपती डोक्यावरून येतात.

"रे झिला," काका म्हणाले, "माज्या आज्यापासून गणपती आमच्या डोक्यावरनाच येता. तो गाडयेत बसना नाय."

मी आईकडे बघितलं. तिच्या मांडीवर पाट ठेवून मी शोरूमात काठी धरली होती, तेव्हा ही काही बोलली नव्हती.

"माका काय म्हायत," आई म्हणाली. "तू माजो फोटो काढूक बसवलंस म्हणान मी बसलंय."