आधी नाव कमव, पोरी आपोआप येतील म्हणे!

नवरात्र जवळ आली की बडोद्यातल्या आमच्या मराठी ग्रुपांवर एक मेसेज हमखास फिरतो: ‘लाजऱ्या पोरांनो, मुलींच्या मागे लागू नका. आधी फेमस व्हा. मग लोक स्वतःहून येतात, तुम्हाला बोलावंही लागत नाही, आणि नाव झालं की लाज मोडतेच.’ वाचायला झकास आहे.

लोक येतात, हे कबूल. पण कशाला येतात? दांडिया बाजारातला ओळखीचा एक मुलगा गरब्याच्या स्टेजवर ढोल वाजवतो. मैदानभर माणसं त्याच्या ठेक्यावर फिरतात. त्या दिवसांत त्याचं इन्स्टाग्राम भरून वाहतं, मी पाहिलंय. ‘भाई, पास छे?’ ‘दोन पास जमतील का?’ प्रेमपत्र एकही नाही! मध्यंतरात कुणी सेल्फी मागितली की तो हात कुठे ठेवावा या विवंचनेत उभा राहतो, आणि फोटो निघाला रे निघाला की वाकून ढोलाची दोरी ओढायला लागतो. दोरी आधीच ताठ असते. मुलगी क्षणभर थांबते आणि जाते.

बोलावं लागत नाही, हे तर उलटंच. समोरचीला तुमचं सगळं ठाऊक, तुम्हाला तिचं नावही नाही. प्रेक्षकाच्या या एकतर्फी ओळखीबद्दल हॉर्टन आणि वोल या संशोधकांनी १९५६ मध्येच लिहून ठेवलंय. तुटलेली बाजू जोडायची तर तोंड तुम्हालाच उघडावं लागणार.

राहिली लाज. स्टेजवर पुढचा ठेका ठरलेला असतो; चहाच्या टेबलावर तो कुणी देत नाही. हान्स अँडरसनच्या परीकथा युरोपभर वाचल्या जात होत्या, तरी गायिका जेनी लिंडने त्याला भाऊच मानलं. १८७५ मध्ये तो गेला तो अविवाहितच. आणि भौतिकशास्त्रज्ञ पॉल डिरॅक? १९३३ चं नोबेल हा गडी गाजावाजाच्या धास्तीनं नाकारायला निघाला होता. नाकारलंस तर जास्त बोभाटा होईल, असं रदरफोर्डनं बजावलं, तेव्हा कुठे घेतलं. त्याचं जमलं ते पुढच्या वर्षी प्रिन्स्टनमध्ये भेटलेल्या मार्गिटशी, आणि ती होती त्याच्या मित्राची, विग्नरची, बहीण. भावाकडे आली होती, जेवताना ओळख झाली. पुढे पत्रांत माझ्या प्रश्नांना उत्तरंच देत नाहीस, अशी तिनं तक्रार केली, तर पठ्ठ्यानं प्रश्न आणि उत्तरं असा चक्क तक्ता आखून पाठवला. तरीही १९३७ मध्ये तिनं त्याच्याशी लग्न केलं.