सई परांजपे यांची दूरदर्शनवरची वर्षे

दिग्दर्शिका सई परांजपे यांचा विषय निघाला की बोलणे ‘स्पर्श’, ‘चष्मेबद्दूर’ आणि ‘कथा’ या चित्रपटांवरच रेंगाळते आणि त्याआधीचे आकाशवाणी-दूरदर्शनवरचे काम उमेदवारीचा काळ म्हणून दोन वाक्यांत उरकले जाते. मला हे मनापासून खटकते, कारण या चित्रपटांत आपल्याला जे आवडते ते त्याच कामातून आलेले आहे.

पुणे आकाशवाणीवर त्यांनी मुलांसाठी कार्यक्रम केले. रेडिओवर चेहरा दिसत नाही. माणूस भित्रा आहे की बढाईखोर, हे त्याच्या पहिल्या दोन वाक्यांतच ऐकणाऱ्याला कळावे लागते. पुढे राष्ट्रीय नाट्य विद्यालयात शिकून त्या दिल्ली दूरदर्शनवर गेल्या. ‘चष्मेबद्दूर’ची कथा त्यांनी आधी ‘धुआँ धुआँ’ या नावाने छोट्या पडद्यासाठी केली होती. मोठी सेट-सजावट आणि नामवंत नट हाताशी नसताना केवळ संवादांच्या आणि माणसांच्या लकबींच्या बळावर प्रेक्षकाला धरून ठेवण्याची ही तालीम होती, असे मला वाटते. ‘स्पर्श’मधील अंध मुख्याध्यापकाला कुणाची कीव नको असते; हा करारी माणूस त्यांना दिल्लीच्या अंधशाळेत प्रत्यक्ष भेटलेल्या मुख्याध्यापकांवरून सुचला. या चित्रपटाच्या पटकथेला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, पण त्यामागे माहितीपट करणाऱ्याची नजर आहे हे क्वचितच कुणी लिहिते.

नाव झाल्यावरही त्यांनी छोटा पडदा सोडला नाही, याचे मला विशेष मोल वाटते. १९८४ मध्ये ‘अडोस पडोस’ आणि पुढच्याच वर्षी ‘छोटे बडे’ या मालिका आल्या. फिल्म्स डिव्हिजन या माहितीपट काढणाऱ्या सरकारी संस्थेसाठी केलेला ‘चूडियाँ’ हा लघुपट गावातल्या दारूविरुद्ध उभ्या राहिलेल्या बायकांचा आहे आणि सामाजिक विषयावरील चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार त्याला मिळाला. वारणानगरच्या मुलांच्या वाद्यवृंदावरही त्यांनी माहितीपट केला.

यांपैकी किती गोष्टी आजच्या पटकथालेखनाच्या विद्यार्थ्याला सहज पाहता येतात? चित्रपट कुठे ना कुठे सापडतात. मालिका, टेलिफिल्म आणि माहितीपट मात्र शोधत बसावे लागते. हे काम बहुतांशी सरकारी माध्यमांसाठी, म्हणजे आपल्याच पैशांतून झालेले आहे. ते नीट जतन करून, उपशीर्षकांसह, सर्वांना विनामूल्य पाहता यावे, अशी माझी दूरदर्शनकडे आणि फिल्म्स डिव्हिजनचा वारसा आता ज्यांच्याकडे आहे त्यांच्याकडे आग्रहाची मागणी आहे. वारणेच्या मुलांपासूनच सुरुवात करावी.