यादी दिसते, पावती दिसत नाही

पावसाळ्याच्या तोंडावर नीटचा निकाल लागला की नागपुरात दरवर्षी तोच वाद सुरू होतो. खासगी वैद्यकीय आणि दंत महाविद्यालयांच्या प्रवेशांवर सरकारचा अंकुश हवा की संस्थांना मोकळीक हवी? इंग्लंडमधून हा वाद पाहताना वाटतं, दोन्ही बाजू गुणवत्ता यादीवरून भांडतात आणि पैशाचा हिशेब मागायचा राहून जातो.

यादीच्या बाबतीत महाराष्ट्र इंग्लंडच्या पुढे आहे. 2015 च्या कायद्याने प्रवेश नियामक प्राधिकरण आणि शुल्क नियामक प्राधिकरण अशी दोन स्वतंत्र प्राधिकरणं आली. प्रवेश प्रक्रिया चालवणाऱ्या राज्याच्या सीईटी कक्षाच्या निवड यादीत कुणाला कोणत्या क्रमांकावर, कोणत्या प्रवर्गातून, कुठे जागा मिळाली हे सगळं दिसतं. इंग्लंडमध्ये आधी यूकॅट ही प्रवेश परीक्षा द्यायची, 15 ऑक्टोबरपर्यंत जास्तीत जास्त चार ठिकाणी वैद्यकीय शिक्षणासाठी अर्ज करायचा, मग मुलाखत. नकार आला तर आपल्या पुढे कोण होतं हे कधीच कळत नाही. तेव्हा ‘परदेशात सगळं पारदर्शक’ हे ऐकलं की राग येतो.

आपली यादी मात्र शेवटच्या फेरीत विरते. 2017 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सामाईक समुपदेशन, म्हणजे जागावाटपाची एकच प्रक्रिया, सक्तीचं केलं आणि शेवटी उरलेल्या जागांसाठी रिकाम्या जागांच्या दहापट उमेदवारांची गुणवत्तेनुसार यादी महाविद्यालयाला द्यावी असं सांगितलं. अशी फेरी महाविद्यालयात झाली की वेळच निकाल ठरवते. काही तासांत मूळ कागदपत्रं आणि पूर्ण रकमेचा डीडी घेऊन हजर व्हा म्हटलं, तर गडचिरोलीची मुलगी पोहोचेपर्यंत तिच्याखालच्या क्रमांकाचा मुलगा जागा घेऊन मोकळा झालेला असतो. म्हणून अशा प्रत्येक फेरीत कुणाला कधी कळवलं, कोण कधी हजर झालं आणि कुणाला का नाकारलं याची नोंद त्याच दिवशी जाहीर व्हायला हवी. बीडीएसच्या जागा एमबीबीएसनंतरही रिकाम्या राहतात, त्यामुळे दंतच्या बाबतीत हे आणखी लांबतं.

खरी अडचण पैशाची. शुल्क नियामक प्राधिकरण संस्थेचा लेखापरीक्षित खर्च तपासून शुल्क ठरवतं. पण घरच्यांच्या हाती येणारा आकडा त्याहून मोठा असतो. वसतिगृह, खाणावळ, अनामत, ग्रंथालय, ‘इतर’. यातलं मंजूर शुल्कात काय येतं आणि वरचं काय, हे पावतीवर वेगळं दिसत नाही. एमबीबीएसचा अभ्यासक्रम साडेचार वर्षांचा, त्यानंतर वर्षभर इंटर्नशिप. मग फी साडेचार वर्षांची की पाचाची? हे प्रवेशाआधीच लेखी घ्या. 15 टक्के संस्थात्मक कोट्यात, म्हणजे संस्थेच्या वाट्याच्या जागांवर, शुल्क मंजूर रकमेच्या पटीत जातं आणि राजर्षी शाहू शिष्यवृत्तीचा आधारही सुटतो. कोटा बदलून जागा घेताना हा हिशेब आधी मांडावा.

त्यात नागपूरच्या एकाच हिंगणा रोडवर दोन तऱ्हेची महाविद्यालयं आहेत. एक राज्याच्या प्रवेश प्रक्रियेतलं, दुसरं अभिमत (डीम्ड) विद्यापीठाचं. दुसऱ्याचं समुपदेशन दिल्लीची समिती करते आणि राज्याचं शुल्क प्राधिकरण तिथे लागू नाही. पालकांना गेट सारखंच दिसतं, नियम मात्र वेगळे.

इंग्लंडकडून घेण्यासारखं आहे ते शुल्काच्या बाबतीत. स्थानिक विद्यार्थ्याच्या शुल्काला कायद्याची कमाल मर्यादा आहे, 2025-26 साठी ती 9,535 पौंड होती. जागा स्वीकारण्याआधी एकूण खर्च आणि जादा खर्च सांगणं विद्यापीठांना ग्राहक कायद्याने बंधनकारक आहे. विद्यापीठात अंतर्गत तक्रार निकाली निघाली की तसं पत्र मिळतं आणि त्यानंतर 12 महिन्यांत स्वतंत्र निवाडा कार्यालयाकडे मोफत दाद मागता येते. हे कार्यालय प्रवेशाच्या तक्रारी घेत नाही, पण दाखल विद्यार्थ्याच्या शुल्काच्या तक्रारी घेतं. परदेशी विद्यार्थ्यांकडून मात्र कित्येक पटींनी शुल्क उकळलं जातं. ते उचलू नये.

आपल्याकडे दोन्ही प्राधिकरणं मुंबईत. कामठीच्या पालकाने एका पावतीसाठी आठशे किलोमीटर जायचं? 1953 च्या नागपूर करारामुळे विधिमंडळाचं अधिवेशन नागपुरात भरतं, उच्च न्यायालयाचं खंडपीठही तिथे आहे. मग प्रवेशाच्या काळात दोन्ही प्राधिकरणांनी नागपुरात महिन्यातून दोन दिवस सुनावणी ठेवायला काय हरकत आहे?

तोवर एवढं करा. मंजूर शुल्काचा आदेश काढून ठेवा, रोखीने काहीही देऊ नका, प्रत्येक रकमेची स्वतंत्र पावती मागा. मूळ कागदपत्रं देताना त्यांची यादी आणि पोच घ्या, कारण दुसऱ्या फेरीत वरची जागा मिळाली तर ही कागदपत्रं वेळेत परत मिळवणं हीच सगळ्यात मोठी धावपळ असते.