तुकोबांनी गोळ्या घेतल्या असत्या तर

माझा भाचा कविता करतो. गेल्या महिन्यात डॉक्टरांनी त्याला बायपोलर, म्हणजे मन कधी उधळणारा तर कधी पार खचणारा आजार, असल्याचं सांगून गोळ्या सुरू केल्या आणि घरच्या ग्रुपवर तीन दिवस वाद पेटला. साताऱ्याच्या काकांनी लिहिलं, "तुकोबांनी गोळ्या घेतल्या असत्या तर अभंग झाले असते का?" खाली जोडलेल्या हातांची रांग. त्या हातांचा राग अजून माझ्या डोक्यातून जात नाही.

मी अमेरिकेत आयोवा सिटीत राहते. काकांच्या प्रश्नाचा पाठपुरावा याच गावात एका बाईंनी वर्षानुवर्षं केला. नॅन्सी अँड्रियासन मूळच्या इंग्रजीच्या प्राध्यापक. पहिल्या बाळंतपणानंतर जंतुसंसर्गाने जिवावर बेतलं, त्यातून वाचल्या आणि वैद्यकीकडे वळून मनोविकारतज्ज्ञ झाल्या. रायटर्स वर्कशॉप या इथल्या विद्यापीठातल्या लेखन-अभ्यासक्रमातले ३० लेखक आणि त्यांच्याच वयाशिक्षणाचे, पण लेखक नसलेले ३० जण, अशांच्या मुलाखती त्यांनी घेतल्या. लेखकांत स्किझोफ्रेनियाचा, म्हणजे वास्तवाचं भान सुटणाऱ्या आजाराचा, धागा मिळेल असं त्यांना वाटलं होतं. तो एकाकडेही निघाला नाही. १९८७ साली छापलेला आकडा वेगळाच होता: ८० टक्के लेखकांना आयुष्यात कधी ना कधी नैराश्याने किंवा उन्मादाने गाठलेलं, इतरांत हेच प्रमाण ३० टक्के.

एवढंच वाचलं तर काका हा आकडा ग्रुपवर नाचवतील. पण त्याच लेखकांनी बाईंना सांगितलं की मन फार खचलेलं किंवा उधळलेलं असताना लिहून होत नाही, लिखाण होतं ते मन ताळ्यावर असताना. आणि त्या ३० पैकी दोघांनी अभ्यास चालू असतानाच आत्महत्या केली. माणसं थोडी होती, बहुतेक पुरुष होते, मुलाखती घेणाऱ्या बाईंना समोर लेखक आहे की नाही हे ठाऊक होतं, हे आक्षेप मला मान्य आहेत. ते दोन मृत्यू मात्र कुठल्याही आक्षेपाने पुसले जात नाहीत.

तुकोबांची पहिली बायको दुष्काळात अन्नावाचून गेली. त्या दुःखाला प्रतिभेचं खत म्हणायला जीभ कशी रेटते? तुकोबांना इंग्रजीत नेणारे दिलीप चित्रेही सत्तरच्या दशकात या गावात राहून गेले. डब्यूक स्ट्रीटवरून जाताना मला त्यांची आठवण येते, आणि मग उगाचच माहेरची.

इथे माझी सहकारी जेवताना सहज सांगते, "मंगळवारी थेरपी आहे, मीटिंग नको." कुणी मान वळवत नाही. हे मी ग्रुपवर मोठ्या तोऱ्यात लिहिलं. जे लिहिलं नाही ते असं, की दुसऱ्या हिवाळ्यापासून मीही गोळी घेते. डॉक्टर नऊ प्रश्नांचा फॉर्म देतात. झोप, भूक, उत्साह सगळं त्यात आहे, पण 'करमत नाही' हे कुठल्या रकान्यात लिहायचं ते मला चार वर्षांत उमगलेलं नाही. ज्यांना तो शब्द कळतो, त्यांच्यापासून मी गोळी लपवली.

परवा रात्री भाच्याला एकट्याला मेसेज केला. गोळीचं नाव लिहिलं, किती वर्षं घेते तेही. बऱ्याच वेळाने त्याने विचारलं, "आत्या, लिहिता येतं का गं?" मी लिहीत नाही, म्हणून त्या ३० जणांचं म्हणणं त्याला कळवलं. आईला अजून सांगितलेलं नाही.