वेंग वेंगचा सिनेमा ‘चुकून’ विनोदी झालेला नाही

‘फॉर युअर हाइट ओन्ली’ (१९८१) या फिलिपिनो चित्रपटाच्या क्लिपखाली एक मजकूर हमखास फिरतो: ‘बाँडची गंभीर नक्कल करायला गेले आणि फसले. हाणामारी म्हणजे निव्वळ कॅमेऱ्याची करामत. संवाद लिहिणाऱ्याला इंग्रजीच येत नव्हतं.’

गंभीर नक्कल? नावच त्या वर्षीच्या ‘फॉर युअर आइज ओन्ली’ या बाँडपटाची टर उडवतं. नायक एजंट डबल-झीरो, म्हणजे ८३ सेंटिमीटर उंचीचा अभिनेता वेंग वेंग (खरं नाव एर्नेस्टो दे ला क्रूझ). खलनायक ‘मिस्टर जायंट’, आणि शेवटी समोर येतो तेव्हा तोही ठेंगणाच! असं चुकून होत नसतं. मनिलात बाँडची खिल्ली विनोदी अभिनेता डॉल्फीने ‘डॉल्पिंगर’ (बाँडपट ‘गोल्डफिंगर’वरून) होऊन १९६०च्या दशकातच उडवली होती.

हाणामारीचा मुद्दा जरा सावकाश पाहू. दिग्दर्शक एडी निकार्ट मुळात स्टंटमन, त्यामुळे मारामारीची आखणी उंचीच्या फरकावरच उभी आहे. वेंग वेंगचा पहिला फटका जांघेत किंवा गुडघ्यावर. समोरचा कळवळून वाकतो, त्याचं डोकं हाताच्या टप्प्यात येतं, मग दुसरा फटका. म्हणजे अर्धं काम मार खाणाऱ्याचं: तो क्षणभर आधी वाकला तर फटका खोटा दिसतो, उशिरा वाकला तर पुढचा फटका हवेत जातो. फरशीवरून घसरत गोळ्या झाडणारा वेंग वेंग पाहा, अंगात चपळाई असल्याशिवाय ते जमत नाही. छत्री धरून इमारतीवरून उडी आणि पाठीवरच्या जेटपॅकने उड्डाण ही मात्र करामतच, आणि ती लपवायचा कुणी फारसा प्रयत्नही केलेला नाही.

राहिलं इंग्रजी. आपण ऐकतो ते परदेशी विक्रीसाठी नंतर चढवलेलं डबिंग. डबिंगमध्ये ओठ हलतात तेवढा वेळ भरावाच लागतो. वाक्य लवकर संपलं की उरलेल्या जागेत काहीतरी कोंबायचं, आणि विनोदी चित्रपट असल्यावर ते ‘काहीतरी’ वात्रटच असणार. त्यावरून मूळ पटकथेला जोखणं म्हणजे डबिंगवाल्याचा हिशेब लेखकाच्या नावावर मांडणं. आणि ‘फसलेला’ म्हणावं तर जानेवारी १९८२च्या मनिला आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात परदेशी खरेदीदारांनी उचलला तो हाच चित्रपट. त्याच वर्षी ‘द इम्पॉसिबल किड’ हा पुढचा भागही आला.